मामाच्या पोटातला राग

माउंट हागेन, पापुआ न्यू गिनी
७ मार्च १९९९

कोपिलताई,

बॉस्को पोचला. विमान वेळेवर आलं, सामान हरवलं नाही, वाटेत त्याला काही झालं नाही. एवढंच कळवायला बसलो होतो. पण तेवढ्याने पान भरत नाही, आणि अ‍ॅग्नेस मागे उभी राहून वाचतेय. म्हणते, "बहिणीला पत्र लिहितोयस की पोलिसात जबानी देतोयस?" सिंबूकडची बायको करू नये म्हणतात ते उगीच नाही. म्हणून आणखी चार ओळी.

पोरगा ताडमाड वाढलाय. उंची आपल्या बाबांची, केस ग्रॅहम दाजींचे, चाल कुणाची ते अजून कळलं नाही. तुमच्याबरोबर ऑस्ट्रेलियाला गेला तेव्हा दहा वर्षांचा होता आणि आपली भाषा त्याच्या तोंडात तेवढ्याच वयाची राहिलीय. काल सरावानंतर सगळ्यांसमोर म्हणाला, "मामा, मला भुकू लागली." सहा फुटांचा गडी! माझे पुढच्या फळीतले दोन रेडे हसून हसून चिखलात लोळले. आता सगळा संघ त्याला दिवसातून दहा वेळा विचारतो, "बाळा, भुकू लागली का?"

विमानतळावर कुंपणाला नेहमीची गर्दी लटकलेली होती. मला पाहिलं आणि सुरू झाले, "पुंडिया! ती मॅच! ती मॅच!" एका म्हाताऱ्याने माझा हात धरला तो सोडेचना. मी इंग्लंडमध्ये सहा हंगाम व्यावसायिक खेळलो, देशाचा कप्तान होतो, आता चार वर्षं या कोकोमो रग्बी संघाचा कोच आहे, पण लोकांना दहा वर्षांपूर्वीची एकच दुपार आठवते. बॉस्को म्हणाला, "मामा, तू तर इथे देव आहेस." मी म्हटलं, बॅग उचल.

तू पाठवलंस म्हणून त्याला घेतलं असं समजू नकोस. पाय चांगले आहेत म्हणून घेतलं. तुझी चिठ्ठी मिळाली. "तुझ्या हाताखाली खेळायचं म्हणतो, सांभाळ." दहा वर्षांत नाताळची कार्डं सोडली तर तुझं पहिलं वाक्य. सांभाळीन. भाचा आहे.

आणि हो, चिठ्ठीच्या खाली तू लिहिलंस, "अजून रागावलायस का?" कशाचा राग? मला कसलाही राग नाही.

पुंडिया

---

९ मे

ताई,

आज मैदानातून थेट घरी आलो आणि लिहायला बसलो. बातमी चांगली नाही, पण घाबरण्यासारखीही नाही. बॉस्कोचा गुडघा दुखावलाय. हाड शाबूत आहे. मिशनच्या दवाखान्यातला डॉक्टर म्हणाला, सहा आठवडे पाय टेकू नको, बर्फ लाव, मग हळूहळू पळ. मी स्वतःचे दोन्ही गुडघे दोनदा फाडून घेतलेत, मला कळतं यातलं. काळजी करू नकोस.

त्याआधीचं सांगायला हवं. पोरगा खेळतो, ताई. कडेने असा सुटतो की मागचे लोक थांबून बघत राहतात. आठवड्यापूर्वी गोरोकाच्या तीन पोरांना चकवून त्याने रेषेपलीकडे चेंडू टेकवला, ट्राय केला. मंडईतल्या बायकांनी रताळी फेकली आनंदाने, एक माझ्या कपाळावर बसलं. आम्ही वर चढतोय. राजधानीतून, मोर्सबीहून, राष्ट्रीय संघटनेचा माणूस येऊन बघून गेला.

आणि तो आपल्या रीतीत मुरलाय. इंग्लंडमध्ये मॅचआधी पोरं कानात गाणी घालून बसायची, कुणी कुणाकडे बघायचं नाही. माझ्याकडे कपडे बदलायच्या खोलीत पोट मोकळं करतात. एकेकाने उठायचं, ज्याचा राग असेल त्याच्याकडे बघून सांगायचं. माझी सुपारी तू खाल्लीस. माझ्या बहिणीकडे तू बघितलंस. मागच्या मॅचला मला चेंडू दिला नाहीस. समोरच्याने ऐकायचं, हात द्यायचा, संपलं. राग पोटात ठेवून मैदानात उतरलं की तो कुणाच्या तरी हाडात शिरतो, आणि बहुतेक वेळा ज्याचा राग असतो त्याच्या नाही, जवळच्याच दुसऱ्याच्या. हे आपल्याकडे शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. गोऱ्या कोचांना मी हे सांगितलं की ते वहीत 'संघभावना' असं काहीतरी लिहून घेतात. लिहोत बापडे.

बॉस्को पहिल्यांदा उठला तेव्हा म्हणाला, "मला सगळे बाळ म्हणतात, त्याचा राग आहे." कप्तान मिंगाने उठून त्याला मिठी मारली आणि म्हणाला, "बरं बाळा." खोली पडली हसून.

काल संध्याकाळी क्लबच्या खोलीत पोरांनी ती जुनी टेप लावली होती. ती मॅच. बॉस्कोला दाखवायची होती. मी आत गेलो तर पडद्यावर मी चेंडू घेऊन सुटलेलो, मागे थंडीत वाफा टाकणारी इंग्लिश माणसं. मी वायर उपटली. म्हटलं, उद्या मॅच आहे, झोपा. पोरं उठून गेली. आज गुडघा गेला.

याचा त्याचा काही संबंध नाही. अ‍ॅग्नेस म्हणते, मग लिहिलंस कशाला?

पुंडिया

---

२० जून

ताई,

सहा आठवडे होऊन गेले. गुडघा तसाच. सकाळी बरा दिसतो, पळायला लागला की दुपारपर्यंत फुगतो. डॉक्टर आता डोकं खाजवतो. आम्ही लागोपाठ हरतोय आणि गावाला कारण सापडलंय. कारण मी आहे.

ओंगाकाका आला होता. बाबांच्या मागे उरलेला एवढाच एक, म्हणून मी त्याला दारातून परत पाठवू शकत नाही, नाहीतर पाठवला असता. आला, बसला, चुना काढला, सुपारी तोंडात टाकली, लाल पिंक माझ्या अंगणात टाकली आणि म्हणाला, "कुणाचा राग आहे ते सांग, की मीच सांगू?"

"काका, गुडघ्यातला पडदा फाटलाय. त्याला राग कशाला लागतो?"

"पडदा कुणी फाडला?"

"समोरच्या लाय संघाच्या पोराने. मी बघितलं."

"लायच्या पोराने शंभर जणांना पाडलं. ते शंभर जण चालतात की. बहिणीच्या लेकराचं हाड कुणाच्या हातात असतं? मामाच्या. मामाचं पोट साफ असेल तर भाच्याला मलेरियाही शिवत नाही. तुझ्या पोटात काय आहे?"

"सकाळचं रताळं."

तो हसला नाही. म्हणाला, "मेलेले सगळं बघतात, पुंडिया. पोरगं आजारी पाडतात ते तुझी दया येऊन. तू बोलावंस म्हणून."

मी त्याला सांगितलं की मी ब्रिटनमध्ये कोचिंगची परीक्षा दिलीय, माझ्याकडे प्रमाणपत्र आहे. तो म्हणाला, "मग ते गुडघ्याला बांध."

हे एक वेळ चाललं असतं. म्हातारे बोलतातच. पण रविवारी मॅचआधी सगळ्यांची पोटं मोकळी झाली, मी उठून खेळ समजावायला फळ्याकडे गेलो, तर मिंगा म्हणाला, "कोच, तुमचं राहिलंय."

"माझं काही नाही."

"चार वर्षं आम्ही सगळे बोलतोय. तुम्ही एकदाही बोलला नाहीत. आम्हाला वाटायचं कोचचं बोलायचं नसतं. पण आता बाळाचा पाय बरा होत नाही."

बॉस्को कोपऱ्यात पाय लांब करून बसला होता. तो माझ्याकडे बघत नव्हता. मी फळ्यावर बाण काढले. आम्ही हरलो, आणि वाईट हरलो. परतताना बसमध्ये कुणी गायलं नाही.

तुला हे हसायला म्हणून लिहितोय. तू तिकडे टाउन्सव्हिलला एसीत बसून हस. मी काही रात्रंदिवस याचा विचार करत नाही. फक्त घरात बसवत नाही म्हणून मैदानाला फेऱ्या मारतो, आणि मैदानात गेलो की घरी यावंसं वाटतं.

पुंडिया

---

१८ जुलै

ताई,

लोकांना राग हवा होता, मी दिला.

दोन आठवड्यांपूर्वी, शनिवारी डुक्कर कापलं. मोठं होतं, अ‍ॅग्नेसने तीन वर्षं हाताने वाढवलेलं, ती दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. खड्डा खणला, दगड तापवले, केळीची पानं घातली. संघ आला, ओंगाकाका आला, अर्धं गाव आलं. आणि मी उभा राहून सगळ्यांदेखत म्हणालो, "माझा माझ्या बहिणीवर राग आहे. ऑस्ट्रेलियाला जाताना तिने जेवण घातलं. मी सख्खा भाऊ, पण पाठीच्या चरबीचा तुकडा दुसऱ्यांना गेला आणि माझ्या वाट्याला मानेचं हाड आलं. तो राग मी दहा वर्षं ठेवला. आता काढला."

लोक गंभीरपणे मान हलवत होते. का नाही हलवणार? मानेचं हाड म्हणजे खरोखरच अपमान. बायका जिभेने चक्‌चक् करत होत्या. एक जण म्हणाला, "माझ्या भावाने हेच केलं, मी पाच वर्षं त्याच्या घरी गेलो नाही." ओंगाकाका तेवढा चावता चावता माझ्याकडे टक लावून बघत राहिला. त्याला दात नाहीत, त्याला वेळ लागतो.

तू चरबीचा तुकडा मलाच दिला होतास, मला आठवतंय. सगळ्यांत मोठा. मी तो कुत्र्याला घातला होता. तुझ्या लक्षात आलं होतं की नाही, माहीत नाही.

असो. सांगायचं म्हणजे गुडघा बरा झाला! आठवड्यात सूज उतरली, परवा तो पळाला, आज खेळला आणि दोन ट्राय केले. डॉक्टर म्हणतो, विश्रांती मिळाली म्हणून. गाव म्हणतं, मामा बोलला म्हणून. दोघंही खूश, मीही खूश. खोट्या रागाने खरा गुडघा बरा होत असेल तर माझं काय जातं? एक डुक्कर गेलं.

तुझ्यापर्यंत मानेच्या हाडाची गोष्ट पोचेलच, हागेनची कुठलीही गोष्ट पोस्टाच्या आधी पोचते. मनाला लावून घेऊ नकोस. गंमत होती.

पुंडिया

---

१५ ऑगस्ट

ताई,

तुझं पत्र आलं. आल्यापासून खिशात घेऊन फिरतोय.

मी गंमत म्हणून लिहिलं होतं की नव्हतं? मग माफी कशाला मागितलीस? "जेवणाच्या वेळी माझ्याकडून चूक झाली, भावाला मानेचं हाड दिलं, लाज वाटते, नाताळला येईन तेव्हा भरपाई करीन." ताई, असं काही झालंच नव्हतं! तुलाही माहीत आहे. जे केलं नाही त्याची माफी इतक्या सरळ अक्षरात कुणी मागतं का? आणि खाली ती एक ओळ, "अजून काही असेल तर तेही सांग, मी ऐकेन."

काही नाही. किती वेळा लिहू?

अ‍ॅग्नेसने वाचलं आणि म्हणाली, "तुझी बहीण तुझ्यापेक्षा शहाणी आहे." मी म्हटलं, ती मोठी आहे. "तसं नाही," ती म्हणाली आणि भांडी घासायला गेली.

दुसरं. आम्ही फायनलच्या वाटेवर आहोत. मोर्सबीच्या माणसाने मला बाजूला घेऊन सांगितलं, फायनल जिंक, राष्ट्रीय संघ तुझा. कोच झाल्यापासून मी याचीच वाट बघतोय. मिशन शाळेत अनवाणी खेळायचो तेव्हा बाबा रेषेच्या कडेला उभे राहून चिखलाचे गोळे मारायचे, आठवतं? पळ म्हणायचे, चेंडू हातात असताना विचार करायचा नसतो. तो माणूस देशाच्या कोचचा बाप झाला असता. बॉस्कोशिवाय हे व्हायचं नाही. सगळे संघ त्याच्यावर दोन-दोन माणसं सोडतात आणि मग मिंगाला मधून वाट मिळते. माझा सगळा डाव त्या पोराच्या दोन पायांवर उभा आहे.

त्याला रोज बजावतोय, रताळी खा, सुपारी नको, मोटरसायकलवर बसू नको.

पुंडिया

---

१४ सप्टेंबर, मंगळवार

ताई,

हे पत्र पोस्टात टाकून उपयोग नाही. पोचेपर्यंत सगळं होऊन गेलेलं असेल. तरी लिहितोय, कारण कुणाशी बोलता येत नाही.

दुपारी क्लबच्या फोनवर ग्रॅहम दाजी आले. मला वाटलं फायनलसाठी शुभेच्छा द्यायला. त्यांचा आवाज ऐकला आणि मी खुर्ची ओढली. तुझ्या हृदयाची झडप गेलीय, शुक्रवारी छाती उघडणार, डॉक्टर म्हणतात उठेल किंवा नाही उठणार. मग दाजी अडखळत म्हणाले, "कोपिलने बजावलंय, बॉस्कोला फायनल होईपर्यंत सांगायचं नाही. रविवारी खेळू दे, सोमवारी सांगा. ती म्हणाली, पुंडिया समजून घेईल."

पुंडिया समजून घेईल.

मी म्हटलं, हो.

फोन ठेवला आणि बाहेर आलो. पोरं सराव करत होती. बॉस्को कडेने सुटला, चेंडू टेकवला आणि माझ्याकडे बघून हात वर केला. मीही हात वर केला. तीच रविवारची चाल होती आणि जमली होती.

अ‍ॅग्नेसला सांगितलं. तिला राग आला की ती ओरडत नाही, हळू बोलते. हळू म्हणाली, "तू हो म्हणालास?" मी म्हटलं, त्याच्या आईचीच इच्छा आहे, त्याच्या भल्याचं आहे, दोन दिवस आधी कळून तो काय ऑपरेशन करणार आहे? मला माझंच बोलणं कुणाच्या तरी तोंडचं वाटत होतं, म्हणून मी उठून बाहेर गेलो.

पुंडिया

---

१६ सप्टेंबर, गुरुवार
विमानतळ

कोपिलताई,

हे पत्र तुला बॉस्को देईल. मंगळवारचंही सोबत आहे, फाडलं नाही. तुझ्यासमोर तो उभा आहे म्हणजे मी काय केलं ते तुला कळलंच आहे. आता ओरडू नकोस, छातीला बरं नाही.

काल शेवटचा सराव झाला आणि पोरांची पोटं मोकळी झाली. शेवटी बॉस्को उठला. आपली ती दहा वर्षांच्या पोराची भाषा. म्हणाला, "माझा राग आईवर आहे. मी तीनदा फोन केला. तीनदा बाबा म्हणाले, दुकानात गेलीय. फायनल आहे तर तिने एकदाही विचारलं नाही. तिला माझं काही नाही." मग इतरांसारखा हात पुढे केला, पण तू तिथे नव्हतीस, म्हणून त्याने हात माझ्याकडे केला. "मामा, तिच्या वतीने तू घे. संपलं."

मी हात घेऊ शकलो नाही, ताई. पोरगा तुझ्यावर रागावला होता, तू अंथरुणात पडून त्याला सांभाळत होतीस म्हणून. आणि हे ठाऊक असलेला त्या खोलीत मी एकटा होतो.

मिंगा म्हणाला, "कोच?"

तेव्हा मी बोललो. मानेचं हाड खोटं होतं म्हणून सांगितलं. खरं काय ते सांगितलं. आता तुला सांगतो, तू ऐकेन म्हणालीस.

बाबा गेले तेव्हा मी इंग्लंडच्या दौऱ्यावर होतो. तू तार पाठवू दिली नाहीस. मॅनेजरला फोन केलास आणि सांगितलंस, पुंडियाला कळता कामा नये, मॅच आहे. ते मी माफ केलं असतं. थोरल्यांनी ठरवलं असेल. तू तेव्हा म्हणालीस बाबांनीच शेवटी तसं सांगितलं, तेही असेल. मी ती मॅच खेळलो, ज्याबद्दल लोक अजून माझे हात धरतात, ती खेळत होतो तेव्हा इकडे शोकाच्या घरात तुम्ही सगळे माती फासून रडत होता. त्या मॅचवरून इंग्लिश क्लबने मला घेतलं. घर, नाव, कोचगिरी, सगळं त्या एका दुपारचं. म्हणून तर बोलता येत नव्हतं. ज्या खोट्याने माझं सगळं उभं राहिलं त्याच्यावर रागवायचं कसं? रागावलो तर लोक म्हणतील, भरल्या ताटाला लाथ मारतोय.

पण माझा राग त्यावर नाही. माझा राग विमानतळावरचा आहे.

मी उतरलो तेव्हा सगळं गाव सजून आलं होतं. ढोल, पिसं, अंगाला डुकराची चरबी. पुढे तू. चेहरा लाल रंगवलेला, डोक्यावर स्वर्गपक्ष्याची पिसं, नाचत होतीस. मला पिसं घातली, मी तुझा हात धरून नाचलो. खूप नाचलो. मग मी विचारलं, बाबा कुठे? तू म्हणालीस, घरी वाट बघतायत. आणि तू मिठी मारलीस तेव्हा मला दिसलं, तुझ्या कानामागे केसांच्या मुळाशी पांढरी माती. शोकाची. सकाळी तू घासून घासून धुतली होतीस, तेवढी राहिली होती.

मला तिथेच कळलं. तरी मी ट्रकमध्ये उभा राहून हात हलवत गेलो, कारण लोक ओरडत होते. घरी गेलो तर मातीचा ढीग. हागेनमध्ये बापाच्या मातीवर पिसं लावून, चरबी चोपडून, धापा टाकत उभा राहिलेला मुलगा मी एकटाच आहे. शत्रूसुद्धा शत्रूच्या मातीवर तसा जात नाही. तू मला रडू दिलं नाहीस ते एक वेळ ठीक. तू मला नाचवलंस. माझा राग तो आहे. बोललो.

मग बॉस्को म्हणाला, "मामा, मीपण नाचलो होतो. आईने सांगितलं होतं, मामासमोर रडायचं नाही. मी तुझ्या पुढेच होतो." मला तो आठवतच नव्हता.

मग मी त्याला सांगितलं. तुझी झडप, शुक्रवार, सगळं. तू लपवायला सांगितलंस आणि मी हो म्हणालो, तेही. आधी त्याने मला धक्का मारला, जोरात, मी फळ्यावर आदळलो. मग तो खाली बसला आणि म्हणाला, "फायनल?" मिंगा म्हणाला, "बाळा, फायनल आमची आम्ही बघू. तू आईकडे जा."

ओंगाकाकाने सकाळी विमानतळावर येऊन त्याच्या गुडघ्याला हात लावला आणि माझ्याकडे बघून काही बोलला नाही. त्या म्हाताऱ्याचं न बोलणं मी आज पहिल्यांदा पाहिलं. अ‍ॅग्नेसने रताळी बांधून दिलीत. ती तुमच्या विमानतळावर काढून घेतील, पण ती ऐकत नाही.

आता तुझा स्वभाव मला माहीत आहे. तू त्याला बघशील, डोळे पुसशील आणि म्हणशील, आता बघून झालं, उद्याच्या विमानाने परत जा, रविवारची मॅच मिळेल, मामाचं नुकसान करू नकोस. म्हणून मी आज सकाळी संघ जाहीर केला. बॉस्कोच्या जागी दुसरा आहे. संघटनेला कळवून टाकलं, आता बदलता येत नाही. मोर्सबीच्या माणसाचा फोन आला होता, विचारत होता, डोकं ठिकाणावर आहे का? हरू बहुतेक. राष्ट्रीय संघ दुसऱ्या कुणाला मिळेल. वाईट वाटतंय, खोटं कशाला सांगू, फार वाईट वाटतंय. सकाळपासून एका जागी बसवत नाही.

पण त्याला इथे यायला जागाच नाही, तेव्हा पाठवू नकोस. ऑपरेशनला नेईपर्यंत त्याला जवळ बसू दे. तू उठलीस तर तो तिथेच असेल. नाही उठलीस तर तो तुझ्या मातीवर रडेल, साध्या कपड्यात, वेळेवर. मला एवढंच हवं होतं, ताई.

तुझा भाऊ,
पुंडिया